स्वतंत्र कॉमिक आणि दुकानाची फळी

टोरांटोच्या रॉन मानने १९८८ साली 'कॉमिक बुक कॉन्फिडेन्शियल' हा माहितीपट केला. त्यात बावीस कॉमिककार भेटतात. विल आइसनर, जॅक कर्बी यांच्यासारखे बुजुर्ग आहेत, तशीच रॉबर्ट क्रम्ब, हार्वी पीकर, लिंडा बॅरी ही मोठ्या कंपन्यांबाहेरची मंडळीही. आपापली पानं ती स्वतःच वाचून दाखवतात, हा त्यातला सगळ्यात मजेचा भाग. पण स्वतंत्र कॉमिकचं कूळ शोधायचं, तर या चेहऱ्यांपलीकडे दुकानाच्या फळीकडेही बघावं लागतं.

१९५४ साली अमेरिकन सिनेटच्या उपसमितीपुढे सुनावणी झाली: कॉमिक्समुळे पोरं बिघडतात का? धसका घेतलेल्या प्रकाशकांनी स्वतःच आचारसंहिता लादून घेतली. मुखपृष्ठावर तिचा शिक्का नसेल, तर वितरक गठ्ठ्यांना हात लावेनात. भयकथा छापणाऱ्या विल्यम गेन्सला एक 'मॅड' सोडून बाकी दुकान गुंडाळावं लागलं. १९५५ मध्ये 'मॅड' मासिकाच्या रूपात निघू लागलं आणि शिक्क्याच्या कचाट्यातून सुटलं. त्याचा पहिला संपादक हार्वी कर्ट्झमन. पुढे त्याने 'हेल्प!' काढलं, आणि क्रम्ब व गिल्बर्ट शेल्टन यांची सुरुवातीची कामं तिथे छापून आली. बंडखोर म्हणून गाजलेली ही पोरं एका मुरलेल्या व्यावसायिक संपादकाच्या हाताखालून गेली होती, हे सहसा कुणी सांगत नाही.

१९६८ मध्ये क्रम्बच्या 'झॅप'चा पहिला अंक सॅन फ्रान्सिस्कोच्या रस्त्यावर बाबागाडीतून विकला गेला. वितरकच नाही म्हटल्यावर शिक्का मागणार कोण? मग हिप्पींना चिलमी आणि पोस्टरं विकणाऱ्या दुकानांनी ही कॉमिक्स ठेवली. १९७३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की अश्लीलता स्थानिक समाजाच्या मापाने ठरवावी. आपल्याकडची कॉमिक्स अश्लील ठरतील या धास्तीने दुकानदार बिचकले.

त्याच सुमारास ब्रुकलिनचे शाळामास्तर फिल स्यूलिंग यांनी कॉमिक्सच्या दुकानांसाठी प्रकाशकांकडून थेट माल उचलायची रीत पाडली. वर्तमानपत्रांच्या स्टॉलवर न खपलेले अंक परत जायचे. इथे परती नाही, बदल्यात कमिशन जास्त. नुकसानीचा भार दुकानदाराच्या डोक्यावर आला खरा, पण छोट्या प्रकाशकाला मागणीचा आकडा आधीच कळू लागला. तेवढंच छापायचं. कॅनडात डेव्ह सिमने १९७७ मध्ये सुरू केलेलं 'सेरेबस' या दुकानांच्या जोरावर तगलं.

पीकरची गत निराळी. क्लीव्हलंडच्या सरकारी रुग्णालयात तो फाइल-कारकून, आणि चित्र काढता येत नव्हतं. जाझच्या जुन्या रेकॉर्डी जमवण्याच्या नादात क्रम्बशी ओळख झाली, तेवढं भांडवल. १९७६ पासून त्याने, चित्रं दुसऱ्यांकडून काढून घेत, 'अमेरिकन स्प्लेंडर' पदरमोड करून काढलं. विषय काय, तर कचेरी, रांगा, किरकिर. फळीवर जागा मिळाली तरी नोकरी सोडण्याइतकी कमाई झाली नाही. २००१ मध्ये निवृत्त होईपर्यंत तो फायलीच लावत होता. दोन वर्षांनी त्याच्यावर चित्रपट आला. तो करणारी शारी स्प्रिंगर बर्मन आणि रॉबर्ट पुलचिनी ही जोडीही मुळात माहितीपटवालीच; त्यांनी पीकरची भूमिका नटाला दिली आणि खऱ्या पीकरलाही कॅमेऱ्यापुढे बसवलं.