गुत्त्यावरील धाडीची कुळकथा

दारूच्या गुत्त्यावर पडणारी धाड हा प्रसंग चित्रपट नुकता गोष्ट सांगू लागला होता तेव्हाच अमेरिकन पडद्यावर आला, आणि त्याच्या आरंभीच्या नमुन्यांत एडिसन मॅन्युफॅक्चरिंग कंपनीच्या ‘कॅन्सस सलून स्मॅशर्स’ (१९०१) या सुमारे मिनिटभराच्या मूकपटाला महत्त्वाचे स्थान आहे. पुढे ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’मुळे गाजलेल्या एडविन पोर्टर यांचा त्यात हात होता.

कॅन्सस राज्यात १८८१पासून दारूबंदी असूनही गुत्ते राजरोस चालत. दारूपायी पहिला पती गमावलेल्या कॅरी नेशन यांनी जून १९००मध्ये किओवा गावातील गुत्ते दगडविटांनी फोडले, आणि डिसेंबरात विचिता येथील कॅरी हॉटेलच्या मद्यगृहातील मोठा आरसा व क्लिओपात्राचे नग्नचित्र यांची नासधूस केली, तेव्हा त्यांनाच तुरुंगात टाकण्यात आले. पुढे कुऱ्हाड ही त्यांची खूण ठरली आणि वृत्तपत्रांनी त्यांची व्यंगचित्रे रंगवली.

फेब्रुवारी १९०१मध्ये नोंदवलेला हा मूकपट त्या गाजावाजातूनच निघाला. कॅमेरा एका जागी रोवून, मध्ये न थांबवता, म्हणजे एकाच चित्रणखंडात, सगळा प्रसंग टिपलेला आहे: कुऱ्हाडी घेतलेल्या स्त्रिया आत घुसतात, बाटल्या आणि आरसा फोडतात, गुत्तेवाला सोडावॉटरची पिचकारी पुढारी बाईच्या तोंडावर मारतो आणि शेवटी पोलीस येऊन स्त्रियांना बाहेर काढतात. एक खोली आणि एक दार एवढ्यावर भागणारा हा प्रसंग त्या काळच्या तंत्राला सोयीचा होता. परंतु कायदा मोडणारा गुत्तेवाला जागीच राहावा आणि कायद्याची आठवण करून देणारी स्त्री हसण्याचा विषय व्हावी, हा अन्याय त्यात स्पष्ट दिसतो. त्याच वर्षी कंपनीने कॅरीबाईंच्या संसारावरही थट्टापट काढला.

मूकपट टिकला तो मात्र कायद्यातील एका उणिवेमुळे. १९१२पूर्वी अमेरिकेत चित्रपटाला स्वतंत्र स्वामित्वहक्क नसल्याने निर्माते संपूर्ण पट्टी छायाचित्रांच्या रूपाने कागदावर उतरवून लायब्ररी ऑफ काँग्रेसकडे जमा करीत. सहज पेट घेणाऱ्या नायट्रेट फिल्मवरील त्या काळचे असंख्य चित्रपट नष्ट झाले, पण या कागदी प्रती टिकल्या. कागदावरच्या सुमारे ३,००० चित्रपटांचे पुन्हा फिल्मवर चित्रण करण्याचे काम १९५०च्या दशकात केम्प नायव्हर यांनी हाती घेतले, आणि ‘कॅन्सस सलून स्मॅशर्स’ त्याच संग्रहातील आहे.