तरवड: दोन दप्तरांच्या मधले झुडूप

पाऊस ओसरू लागला की नांदेड-लातूरकडच्या मुरमाड माळांवर, गायरानांत आणि सडकेच्या कडेला तरवड पिवळाधमक फुलतो. गुरे-शेळ्या त्याला सहसा तोंड लावत नाहीत. त्यामुळे चरून चरून उघड्या पडलेल्या जमिनीवर इतर झुडपे संपली तरी तो उरतो. उंची कंबरेएवढी, फार तर माणसाएवढी. शेंगा चपट्या, कागदासारख्या पातळ. पानाच्या बुडाशी कानाच्या पाळीसारखी रुंद उपपर्णे असतात. लिनियसने १७५३ मध्ये 'कॅसिया ऑरिक्युलाटा' असे त्याचे नाव छापले, ते या उपपर्णांवरून.

इतक्या उघड्यावर वाढणाऱ्या झुडपाचा या दोन जिल्ह्यांतला लेखी इतिहास शोधायला बसले, की आधी हद्दी आडव्या येतात. विल्यम रॉक्सबर्गने १७८१ ते १७९३ या काळात समालकोटला राहून वनस्पती गोळा केल्या. समालकोट गोदावरीच्या मुखाजवळचे, म्हणजे नांदेडच्या घाटावरून जाणारे पाणी जिथे समुद्राला मिळते तिकडचे. त्याची 'फ्लोरा इंडिका' त्याच्या मृत्यूनंतर, १८३२ मध्ये निघाली आणि तरवडाचे 'सेन्ना ऑरिक्युलाटा' हे आजचे शास्त्रीय नाव त्याच ग्रंथातून आले. पुढे थिओडोर कुकने १९०१ ते १९०८ या वर्षांत मुंबई इलाख्याची वनस्पतीसूची केली. मद्रास इलाख्याची सूची गॅम्बलने १९१५ पासून काढायला घेतली आणि ती १९३६ मध्ये फिशरने पुरी केली. दोन्ही ग्रंथ भक्कम, पण दोन्ही इलाख्यांपुरते. मधला निजामाचा मुलूख दोघांच्याही हद्दीबाहेर राहिला. सोलापूरच्या माळावरचा तरवड कुकच्या कक्षेत येतो, तोच औशाच्या माळावर येत नाही. तिथली माती तीच, पाऊसही तसाच.

हैदराबादने स्वतःचे काही केलेच नाही, असे नाही. ई. ए. पार्ट्रिज यांची निजामाच्या राज्यातील वन-वनस्पतींची सूची १९११ ची आहे, एम. एस. खान यांची हैदराबाद राज्याची सूची १९५३ ची. पण ही वनखात्याची पुस्तके. वनखात्याची नजर साग, मोह, तेंदू यांच्यावर, म्हणजे ज्यांचा लिलाव होतो त्यांच्यावर. तरवड वाढतो तो जंगलाबाहेर.

म्हणून मला त्याचा माग वनस्पतिशास्त्रापेक्षा कातड्याच्या कागदांत जास्त भरवशाचा वाटतो. जॉर्ज वॉटच्या आर्थिक उत्पादनांच्या कोशात (१८८९ पासून पुढे) तरवड आहे तो मुख्यतः सालीसाठी. सालीत शेकडा पंधरा ते वीस भाग टॅनिन असते. फांद्या दोन-तीन वर्षांच्या झाल्या की तोडतात, साल सोलून वाळवतात आणि बुंध्याला पुन्हा धुमारे फुटतात. या सालीत कमावलेले कातडे फिकट रंगाचे आणि लवचिक होते. खोड एकच: उजेडात ठेवले की ते तांबूस पडते. त्यावर उपाय म्हणून शेवटी हिरड्याच्या पाण्याचा हात देत. तरवडाचे टॅनिन एका जातीचे, हिरड्याचे दुसऱ्या. रसायनशास्त्राने हा भेद पुढे सांगितला, कमावणाऱ्यांना तो हाताने ठाऊक होता.

कमावणारे म्हणजे मराठी मुलखात मुख्यतः ढोर समाज. हा समाज आपली परंपरा बाराव्या शतकातल्या शरण कक्कय्याशी जोडतो. कक्कय्या बसवेश्वरांच्या कल्याणचे. कल्याण निलंग्यापासून फार दूर नाही आणि १९५६ पर्यंत दोन्ही एकाच बीदर जिल्ह्यात होती. कातड्याचे मोठे गिऱ्हाईक शेतकरीच होता. विहिरीवरची मोट आणि तिची सोंड चामड्याची, पाण्यात सतत भिजणारी, म्हणून लवकर कुजणारी. आल्फ्रेड चॅटर्टनने १९०३ च्या सुमारास मद्रासला क्रोमचे कातडे कमावण्याचे प्रयोग सुरू केले, तेव्हा त्याच्यासमोर जास्त टिकणारी मोट हाही एक उद्देश होता. सालीच्या कातड्याची उणीव नेमकी तिथे होती.

मद्रासचे कारखाने मात्र तरवडावरच उभे होते. तिकडे त्याला आवारम म्हणतात. अर्धवट कमावलेली गाईची कातडी ब्रिटनला जात आणि पहिल्या महायुद्धात सैनिकांच्या बुटांसाठी त्यांची मागणी इतकी वाढली, की साल मिळेनाशी झाली. ही साल मद्रास इलाख्याबरोबरच म्हैसूर आणि हैदराबाद संस्थानांतूनही जाई. इथे एक उडी मारण्याचा मोह होतो. मनमाड-हैदराबाद रेल्वे नांदेडवरून १९०० च्या सुमारास सुरू झाली, बार्शी लाइट रेल्वे १९११ मध्ये लातूरला पोचली; म्हणजे इथली साल वाघिणींत भरून मद्रासला गेली असणार! गोष्ट म्हणून हे छान आहे. पण संस्थानाच्या सोळा जिल्ह्यांत मराठवाड्याचे पाच आणि तेलंगणाचे आठ. 'हैदराबादची साल' या नोंदीचा अर्थ 'नांदेडची साल' असा करता येत नाही. रूळ होते, माल होता, एवढेच म्हणावे. युद्धानंतर दक्षिण आफ्रिकेतून येणाऱ्या वॅटलच्या सालीने मद्रासची बाजारपेठ बळकावली आणि तरवडाचा भाव उतरला.

हद्दींचा घोळ पुढेही सुटत नाही. १ नोव्हेंबर १९५६ ला बीदरचे उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके उस्मानाबादेत आले. नांदेडकडचे मुधोळ आदिलाबादेत गेले आणि आदिलाबादचे किनवट नांदेडात आले. त्यामुळे वि. ना. नाईक यांची १९७९ ची 'फ्लोरा ऑफ उस्मानाबाद' हाच लातूरचाही आधारग्रंथ ठरतो, कारण लातूर जिल्हा वेगळा झाला तो ऑगस्ट १९८२ मध्ये. योगायोग असा, की त्याच वर्षी अर्विन आणि बार्नेबी यांच्या प्रबंधाने सेन्ना ही प्रजाती कॅसियापासून पुन्हा वेगळी काढली. जिल्हा आणि झुडूप, दोघेही एकाच वर्षी वेगळे झाले. संपूर्ण मराठवाड्याची सूची हवी असेल, तर नाईकांचेच १९९८ चे दोन खंड उघडावे लागतात. कुकच्या शेवटच्या भागानंतर नव्वद वर्षांनी.

फुलांचा पुरावा वेगळ्या जातीचा आहे. त्याला तारीख लावता येत नाही. नवरात्रात घटावर तरवडाच्या फुलांची माळ चढते. ज्या नांदेड जिल्ह्यात माहूरची रेणुका आहे तिथे ती चढत नसती तरच नवल. त्याच दिवसांत धर्माबाद, बिलोली, देगलूरकडची तेलुगू घरे बतुकम्मा रचतात आणि त्यात हीच फुले लागतात. तेलुगूत हा तंगेडू. तेलंगणाने २०१४ मध्ये त्याला राज्यफूल केले. महाराष्ट्राचे राज्यफूल ताम्हण. म्हणजे धर्माबादहून बासरला जाताना सरकारी मान बदलतो आणि दोन्ही बाजूंना झुडूप तेच राहते.