नवजात अर्भकातील बिंबाणुन्यूनता : कारणे व उपचार यांचा इतिहास

रक्तस्राव थांबविण्याच्या क्रियेत प्रथम भाग घेणाऱ्या, केंद्रक नसलेल्या सूक्ष्म चकत्यांना बिंबाणू म्हणतात [⟶ रक्त]. जन्माच्या वेळी किंवा जन्मानंतरच्या पहिल्या चार आठवड्यांत त्यांची संख्या दर घ. मिमी. रक्तात १,५०,००० पेक्षा कमी असल्यास त्या अवस्थेस नवजात अर्भकातील बिंबाणुन्यूनता म्हणतात. संख्या ५०,००० पेक्षा खाली गेल्यास ती तीव्र समजली जाते. सर्व नवजात अर्भकांपैकी सु. १ टक्का अर्भकांत ही अवस्था आढळते; अतिदक्षता कक्षात ठेवलेल्या अर्भकांत मात्र हे प्रमाण २० ते ३५ टक्क्यांपर्यंत जाते. बहुसंख्य अर्भकांत ती सौम्य असते व आपोआप नाहीशी होते. थोड्या अर्भकांत मात्र मेंदूत रक्तस्राव होऊन मृत्यू किंवा कायमचे अपंगत्व ओढवते. बिंबाणुन्यूनता हा स्वतंत्र रोग नसून अनेक भिन्न विकारांचे समान चिन्ह आहे, हे लक्षात येण्यास बराच काळ लागला. केवळ बिंबाणूंची संख्या वाढविणे म्हणजे अर्भकाचे रक्षण करणे नव्हे, ही गोष्ट तर एकविसाव्या शतकातच स्पष्ट झाली.

प्रारंभीचा काळ : त्वचेवर आपोआप उमटणारे जांभळे ठिपके व श्लेष्मकलेतून होणारा रक्तस्राव ही लक्षणे असलेल्या विकाराचे सुस्पष्ट वर्णन जर्मन वैद्य पाउल गोटलीप व्हेर्लहोफ (१६९९–१७६७) यांनी १७३५ मध्ये केले. त्या काळी बिंबाणू अज्ञात असल्यामुळे त्याचे कारण सांगता येणे शक्यच नव्हते. बिंबाणूंचे अस्तित्व एकोणिसाव्या शतकात सूक्ष्मदर्शकाने उघड झाले. आल्फ्रेद दॉने यांनी १८४२ मध्ये रक्तातील सूक्ष्म कणांची नोंद केली. माक्स शुल्ट्से (१८२५–७४) यांनी १८६५ मध्ये व विल्यम ऑस्लर (१८४९–१९१९) यांनी १८७४ मध्ये त्यांचे अधिक तपशीलवार वर्णन केले. तथापि हे कण म्हणजे रक्ताचा स्वतंत्र घटक असून रक्तवाहिनीस इजा झालेल्या जागी ते चिकटून गोळा होतात, हे इटालियन वैद्य जूल्यो बित्सोत्सेरो (१८४६–१९०१) यांनी १८८१-८२ मध्ये दाखवून दिले. त्याच दशकात जांभळे ठिपके उमटणाऱ्या रोग्यांच्या रक्तात बिंबाणू अत्यल्प असतात, असे आढळून आले. अस्थिमज्जेतील अतिविशाल कोशिकांच्या जीवद्रव्याचे तुकडे पडून बिंबाणू तयार होतात, हे जेम्स होमर राइट (१८६९–१९२८) यांनी १९०६ मध्ये सांगितले.

यामुळे बिंबाणू कमी होण्याचे दोन मार्ग तात्त्विक दृष्ट्या स्पष्ट झाले : एक, त्यांची निर्मिती मंदावणे व दुसरा, तयार झालेल्या बिंबाणूंचा वाजवीपेक्षा अधिक नाश होणे. नवजात अर्भकातील कारणांची विभागणी आजही प्रथम याच आधारावर करतात. बिंबाणूंची अचूक गणना मात्र फार काळ कठीण होती. जी. ब्रेशर व ई. पी. क्राँकाइट यांनी १९५० मध्ये प्रावस्था-विरोधी सूक्ष्मदर्शकाने गणना करण्याची पद्धत मांडल्यावर ती विश्वसनीय झाली. पुढे स्वयंचलित गणकयंत्रांमुळे रक्ताच्या अल्प नमुन्यावर ही तपासणी करणे सुलभ झाले व पूर्वी नजरेआड राहणारी सौम्य बिंबाणुन्यूनताही दिसू लागली.

मातेच्या रक्तातील कारण : बिंबाणुन्यूनतेच्या कारणमीमांसेतील एक महत्त्वाचा दुवा नवजात अर्भकांनीच पुरविला. नीलारुणी रोग (त्वचेखाली रक्तस्राव होऊन ठिपके उमटणारा विकार) झालेल्या स्त्रियांच्या अर्भकांतही जन्मतः बिंबाणू कमी असतात आणि काही आठवड्यांनी त्यांची संख्या आपोआप पूर्ववत होते, असे दिसून आले होते. अर्भकाची अस्थिमज्जा सदोष असती, तर अशी सुधारणा झाली नसती. म्हणून मातेच्या रक्तातील एखादा विनाशक पदार्थ वारेतून गर्भाकडे जात असावा, असा तर्क पुढे आला.

हा तर्क अमेरिकन वैद्य विल्यम जे. हॅरिंग्टन यांनी सेंट लूइस येथे प्रत्यक्ष स्वतःच्या शरीरावर पडताळून पाहिला. नीलारुणी रोग झालेल्या एका स्त्रीचे रक्त त्यांनी स्वतःस टोचून घेतले. काही तासांतच त्यांच्या बिंबाणूंची संख्या धोकादायक पातळीपर्यंत घसरली व सु. आठवड्याभरात पूर्वपदास आली. अन्य निरोगी स्वयंसेवकांवरही असेच प्रयोग करण्यात आले व निष्कर्ष १९५१ मध्ये प्रसिद्ध झाले. हा विनाशक पदार्थ म्हणजे बिंबाणूंविरुद्धचे प्रतिपिंड होत, हे पुढे सिद्ध झाले. प्रतिपिंडांनी वेढलेले बिंबाणू मुख्यत्वे प्लीहेत नष्ट होतात. त्यामुळे अशा अर्भकातील संख्या जन्मानंतर दोन ते पाच दिवसांत सर्वांत खाली जाऊ शकते. जन्मदिनी समाधानकारक वाटलेल्या संख्येवर विसंबून न राहता पुन्हा तपासणी करण्याची पद्धत यामुळेच रूढ झाली.

बिंबाणु-प्रतिजनांचा शोध : काही अर्भकांत मात्र बिंबाणू अतिशय कमी असूनही मातेचे बिंबाणू पूर्णतः प्राकृत असत. १९५३ मध्ये हॅरिंग्टन व त्यांच्या सहकाऱ्यांनी याचे स्पष्टीकरण प्रतिरक्षाविज्ञानाच्या आधारे मांडले. ऱ्हीसस घटकाच्या विसंगतीमुळे मातेचे प्रतिपिंड गर्भाच्या तांबड्या कोशिका नष्ट करतात, हे त्यापूर्वीच माहीत झाले होते. तोच प्रकार बिंबाणूंच्या बाबतीत घडतो : पित्याकडून आलेला व मातेत नसलेला एखादा प्रतिजन गर्भाच्या बिंबाणूंवर असल्यास माता त्याविरुद्ध प्रतिपिंड तयार करते. हे प्रतिपिंड वार ओलांडून जातात. मातेच्या स्वतःच्या बिंबाणूंवर तो प्रतिजन नसल्यामुळे तिला कोणताही त्रास होत नाही.

१९५९ मध्ये नेदर्लंड्समध्ये जे. जे. व्हान लोगेम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अशा एका प्रतिजनाचे वर्णन केले. १९६०–७० या दशकाच्या प्रारंभी अमेरिकेत एन. आर. शुल्मन यांनी दुसऱ्या नावाने वर्णिलेला प्रतिजन तोच असल्याचे पुढे निष्पन्न झाले. १९९० मध्ये निरनिराळी नावे मोडीत काढून एकच नामपद्धती स्वीकारण्यात आली व या प्रतिजनास एचपीए-१ए हे नाव मिळाले. त्याच्या आदल्या वर्षी पी. जे. न्यूमन व सहकाऱ्यांनी त्याचा रेणवीय आधार दाखविला होता. बिंबाणूंच्या पृष्ठभागावरील एका प्रथिनात ३३ व्या स्थानी ल्युसीन की प्रोलीन हे ॲमिनो अम्ल आहे, एवढ्याच फरकावर हा प्रतिजन अवलंबून असतो. यूरोपीय वंशाच्या सु. २ टक्के लोकांत तो नसतो. पूर्व आशियात त्याचा अभाव अतिशय विरळा असल्यामुळे तेथे अन्य प्रतिजनांना अधिक महत्त्व आहे.

ऱ्हीसस विसंगतीत पहिले अपत्य बहुधा सुरक्षित राहते. या विकारात मात्र पहिल्याच अपत्यास बाधा होऊ शकते. शिवाय मेंदूतील रक्तस्राव पुष्कळदा जन्मापूर्वीच झालेला असतो. गर्भारपणी सरसकट तपासणी बहुतेक देशांत होत नसल्याने पहिल्या अपत्याचा आजार हीच बहुधा या विसंगतीची पहिली सूचना ठरते आणि तिचा खरा उपयोग पुढील अपत्याला होतो. अर्भकाच्या अंगावरील ठिपक्यांचे कारण निश्चित करून ते मातापित्यांना समजावून सांगणे यासाठीच अत्यावश्यक मानले जाते. नॉर्वेत एक लाखाहून अधिक गर्भवती स्त्रियांची या दृष्टीने तपासणी करण्यात आली व तिचे निष्कर्ष २००७ मध्ये प्रसिद्ध झाले.

अन्य कारणे : वरील कारणे विशेष अभ्यासली गेली असली, तरी ती संख्येने सर्वांत मोठी नव्हेत. जन्मानंतर पहिल्या तीन दिवसांत आढळणारी बिंबाणुन्यूनता, विशेषतः अकालजात अर्भकांत, बहुधा वारेच्या अकार्यक्षमतेमुळे उद्‌भवते. मातेस गर्भारपणी रक्तदाबवाढीचा विकार असल्यास किंवा गर्भाची वाढ खुंटली असल्यास अस्थिमज्जेतील बिंबाणुनिर्मिती मंदावते. ही अवस्था सामान्यतः सौम्य असून सु. दहा दिवसांत निवळते. तीन दिवसांनंतर संख्या झपाट्याने घसरल्यास जंतुरक्तता किंवा आतड्याचा ऊतकमृत्युकारक शोथ यांची शंका प्रथम घेतात. जन्मजात संसर्गांपैकी वारफोड्या (जर्मन गोवर), कोशिकावर्धक व्हायरस, उपदंश व टॉक्सोप्लाझ्मा यांचे संसर्ग महत्त्वाचे आहेत. भारतासारख्या डेंग्यूग्रस्त देशांत प्रसूतीच्या सुमारास मातेस झालेला डेंग्यू अर्भकात संक्रमित झाल्याची उदाहरणे नोंदली गेली आहेत. काही दुर्मिळ आनुवंशिक विकारांतही जन्मतः बिंबाणू कमी असतात, उदा., बहिःप्रकोष्ठास्थीच्या (हाताच्या पुढच्या भागातील अंगठ्याकडील हाडाच्या) अभावाबरोबर आढळणारा विकार.

उपचारांचा इतिहास : रक्ताधानाने बिंबाणूंची संख्या वाढते व रक्तस्राव थांबतो, हे डब्ल्यू. डब्ल्यू. ड्यूक यांनी १९१० मध्ये दाखविले. परंतु बिंबाणू वेगळे काढून साठविण्याची सोय नसल्याने दीर्घकाळ ताजे रक्त देणे हाच मार्ग होता. मातेचे प्रतिपिंड काढून टाकण्यासाठी अर्भकाचे रक्त बदलण्याचा (विनिमय रक्ताधानाचा) अवलंबही केला जाई. प्लॅस्टिकच्या पिशव्यांचा वापर सुरू झाल्यावर बिंबाणू वेगळे करणे सोपे झाले. १९६९ मध्ये एस. मर्फी व एफ. एच. गार्डनर यांनी शीतकपाटापेक्षा सु. २२° से. तापमानात ठेवलेले बिंबाणू शरीरात अधिक काळ टिकतात, असे सिद्ध केले. त्यानंतर बिंबाणु-आधान हा रुग्णालयांतील नित्याचा उपचार बनला. प्रतिजन-विसंगतीच्या विकारात मातेचेच बिंबाणू धुऊन, म्हणजे प्रतिपिंडयुक्त रक्तद्रव काढून टाकून, अर्भकास देण्याची युक्ती याच सुमारास वापरली गेली. पुढे योग्य प्रतिजनरहित दात्यांचे बिंबाणू वापरात आले. ते तातडीने न मिळाल्यास साधे बिंबाणू देऊन उपचार सुरू करतात.

१९८१ मध्ये स्वित्झर्लंडमधील पॉल इंबाख व सहकाऱ्यांनी नीलारुणी रोग झालेल्या मुलांत शिरेवाटे प्रतिरक्षा-ग्लोब्युलीन दिल्याने बिंबाणू वाढतात, असे दाखविले. हा उपचार नवजात अर्भकांतही वापरला जाऊ लागला. दरम्यान फ्रान्समध्ये फेर्नां दाफोस व सहकाऱ्यांनी श्राव्यातीत ध्वनितरंगांच्या साहाय्याने नाळेतून गर्भाचे रक्त घेण्याची पद्धत १९८३ मध्ये वर्णिली आणि पुढील वर्षी गर्भास बिंबाणू दिल्याचा वृत्तांत प्रसिद्ध केला. परंतु नाळेत सुई टोचताना रक्तस्राव होऊन गर्भ दगावण्याचा धोका असे. १९८८ मध्ये जेम्स बी. बसेल व सहकाऱ्यांनी गर्भारपणी मातेसच दर आठवड्यास प्रतिरक्षा-ग्लोब्युलीन देण्याचा उपचार मांडला. त्यामुळे गर्भाच्या नाळेला स्पर्श न करता त्याचे रक्षण करणे शक्य झाले व हाच मार्ग पुढे प्रमुख ठरला.

अकालजात अर्भकांच्या बाबतीत इतिहासाला वेगळे वळण मिळाले. त्यांच्या मेंदूत रक्तस्राव वारंवार होतो व त्यांचे बिंबाणूही कमी असतात. म्हणून बिंबाणू दिल्यास रक्तस्राव टळेल, असे गृहीत धरले जाई. मॉरीन अँड्रू व सहकाऱ्यांनी १५२ अकालजात अर्भकांवर केलेल्या आणि १९९३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तुलनात्मक चाचणीत मध्यम प्रमाणातील बिंबाणुन्यूनता आधानाने दूर करूनही मेंदूतील रक्तस्राव कमी झाला नाही. तरीही निरनिराळ्या रुग्णालयांत निरनिराळ्या पातळ्यांना बिंबाणू देण्याची प्रथा चालूच राहिली.

या प्रश्नाचा अधिक निर्णायक उलगडा ब्रिटन, आयर्लंड व नेदर्लंड्स येथील ६६० अर्भकांवरील चाचणीने केला. ३४ आठवड्यांपूर्वी जन्मलेल्या या अर्भकांपैकी एका गटास संख्या ५०,००० खाली गेल्यावर, तर दुसऱ्यास २५,००० खाली गेल्यावर बिंबाणू देण्यात आले. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार २८ दिवसांत मृत्यू किंवा मोठा रक्तस्राव यांचे प्रमाण पहिल्या गटात २६ टक्के, तर दुसऱ्यात १९ टक्के होते. अधिक उदारपणे दिलेला उपचारच अपायकारक ठरला. दोन वर्षे वयापर्यंतचे निरीक्षण २०२३ मध्ये प्रसिद्ध झाले. तेव्हा मृत्यू किंवा मज्जाविकासातील दोष यांचे प्रमाण अनुक्रमे ५० व ३९ टक्के आढळले. प्रौढ दात्याचे बिंबाणू अर्भकाच्या बिंबाणूंपेक्षा अधिक क्रियाशील असतात. नवजात रक्तातील इतर घटक अर्भकाच्या मंद बिंबाणूंची उणीव भरून काढतात. हे संतुलन आधानाने बिघडत असावे, असे एक अनुमान आहे.

सद्यःस्थिती : रक्तस्राव होत नसलेल्या अकालजात अर्भकास संख्या २५,००० खाली गेल्याशिवाय सहसा बिंबाणू देऊ नयेत, असा कल आता दृढ झाला आहे. प्रतिजन-विसंगतीच्या विकारात व प्रत्यक्ष रक्तस्राव होत असताना ही मर्यादा लागू होत नाही. तेथे विलंब घातक ठरतो. जंतुरक्ततेत मूळ संसर्गावरील उपचार, वारेच्या अकार्यक्षमतेत संयमपूर्वक निरीक्षण व मातेच्या प्रतिपिंडांमुळे झालेल्या विकारात प्रतिरक्षा-ग्लोब्युलीन, असा कारणानुसार भेद केला जातो. एकाच संख्येमागे वेगवेगळे विकार असू शकतात व म्हणून एकाच संख्येवर वेगवेगळे उपचार करावे लागतात, हे या विषयाच्या इतिहासाचे सार आहे.