हॉटेलवाल्यांचा राजा : सेझार रिट्झ

ज्याचे निम्मे आयुष्य वाटाघाटी, संप आणि तडजोडी यांत गेले, त्याने एका ऐषारामी हॉटेलवाल्याचे चरित्र सांगावयास उभे राहावे, याचे आपल्यापैकी कित्येकांना नवल वाटले असेल. परंतु हॉटेल-कामगारांच्या संघटनेत काम करू लागल्यापासून हा मनुष्य आमच्या वाचनात वारंवार आला, आणि दर खेपेस आम्हांला एकच प्रश्न पडला : हा आमच्यापैकी, की मालकांपैकी? आमचे शिक्षण शाळेबाहेरच झाले असल्यामुळे असले प्रश्न आम्हांला फार काळ छळतात.

सेझार रिट्झचा जन्म १८५० साली स्वित्झर्लंडच्या व्हाले प्रांतात, नीडरवाल्ड नावाच्या डोंगरी खेड्यात झाला. शेतकऱ्याच्या घरातले हे तेरावे मूल. ब्रिग गावातील एका हॉटेलात मद्य वाढण्याच्या कामावर तो उमेदवार म्हणून लागला. या धंद्याला जी एक विशेष बुद्धी लागते ती तुझ्यापाशी नाही, असे सुनावून तेथील मालकाने त्याला काढून टाकले, असे सांगतात. १८६७ साली पॅरिसला जागतिक प्रदर्शन भरले होते. तेथे तो गेला आणि पाहुण्यांचे बूट पुसण्यापासून वाढप्याच्या कामापर्यंत मिळेल ते करीत राहिला.

ती 'विशेष बुद्धी' म्हणजे काय, हे त्याच्या एका प्रसिद्ध गोष्टीवरून कळते. रिगी पर्वताच्या माथ्यावरील हॉटेलात तो काम करीत असताना ऐन थंडीत इमारत तापविणारी यंत्रणा बिघडली, आणि चाळीस अमेरिकन पाहुणे जेवावयास येऊन ठेपले. रिट्झने टेबले लाल पडद्यांच्या दालनात हलविली, तांब्याच्या मोठ्या भांड्यांत स्पिरिट पेटविले, विटा तापवून फलाटीत गुंडाळल्या आणि प्रत्येक पाहुण्याच्या पायाशी एकेक ठेवली. पाहुणे खूष होऊन गेले. हॉटेलशास्त्राच्या वर्गांतून ही गोष्ट मोठ्या कौतुकाने सांगतात. चाळीस विटा तापविल्या कोणी, गुंडाळल्या कोणी, हे मात्र त्या गोष्टीत येत नाही! परंतु आम्ही रिट्झला दोष देत नाही. वीट उचलल्याने हात कसा भाजतो, हे ज्याला ठाऊक असते, त्यालाच अशी युक्ती सुचते.

पुढे उन्हाळ्यात ल्युसर्न आणि हिवाळ्यात माँटे कार्लो अशी त्याची व्यवस्थापकी सुरू झाली. १८८४ च्या सुमारास ऑग्युस्त एस्कॉफिए हा बल्लवाचार्य त्याला येऊन मिळाला. पूर्वी मोठ्या भटारखान्यात प्रत्येक विभाग आपापला पदार्थ अथपासून इतिपर्यंत स्वतःच करी. एस्कॉफिएने कामाची नवी वाटणी केली. भाजणारा भाजील, रस्सा करणारा रस्सा करील, आणि ताट सर्वांच्या हातून पुरे होईल. गिरणीतली खातेवाटणी ज्यांनी पाहिली आहे त्यांना हे नवीन वाटणार नाही. जेवण झपाट्याने बाहेर पडू लागले, म्हणजे कामाचा वेगही वाढला. पण याच एस्कॉफिएने भटारखान्यातली शिवीगाळ आणि मारहाण बंद केली, आणि भट्टीपाशी उभे राहणाऱ्यांना दारूऐवजी बार्लीचे पेय देण्याची सोय केली. ही नोंद आम्हांला त्याच्या सर्व पाककृतींपेक्षा मोलाची वाटते.

१८८९ साली लंडनमध्ये नाट्यगृहाचे मालक डॉयली कार्ट यांनी सॅव्हॉय हॉटेल उघडले. विजेचे दिवे, पाळणे, स्नानगृहे यांची रेलचेल होती. व्यवस्थापक रिट्झ, मुख्य आचारी एस्कॉफिए. खानदानी स्त्रियांनी बाहेर चारचौघांत जेवण्याची प्रथा लंडनमध्ये रूढ होण्यास सॅव्हॉयने मोठा हातभार लावला. युवराज हा तर नेहमीचा पाहुणा. आणि मार्च १८९८ मध्ये एके दिवशी संचालकांनी या दोघांना तडकाफडकी बडतर्फ केले! भटारखान्यातले आचारी बिथरले, पोलिसांना बोलवावे लागले. ३,४०० पौंडांहून अधिक किमतीच्या मद्याचा हिशेब लागत नव्हता. आपल्या नव्या हॉटेलास भांडवल पुरविणाऱ्यांची सरबराई रिट्झने सॅव्हॉयच्या खर्चाने केली, असा आरोप होता. एस्कॉफिए माल पुरविणाऱ्यांकडून दस्तुरी घेत असे. रिट्झने दाव्याची धमकी दिली, परंतु १९०० च्या जानेवारीत दोघांनी कबुलीजबाबांवर सह्या केल्या. ते कागद कंपनीने कुलपात ठेवले. जगाला त्यांचा पत्ता लागला तो १९८० नंतरच्या दशकात.

येथे आम्हांला एका वाढप्याची आठवण होते. पाहुण्याने टेबलावर अर्धी टाकलेली बाटली त्याच्या पिशवीत सापडली. हॉटेल मोठे होते. नाव सांगण्याचे कारण नाही. अंतर्गत चौकशीत त्याची बाजू आम्हीच मांडली. बाटली त्याने घेतली होती, हे आम्ही नाकारले नाही. अकरा वर्षांची नोकरी पाहा, एवढेच म्हणालो. आम्ही हरलो. बडतर्फीच्या कागदावर कारण ठळक अक्षरांत लिहिले होते, आणि तो कागद पाहिल्यावर पुढे कोणत्याही हॉटेलाने त्याला दारात उभे केले नाही. रिट्झला चोर ठरवावे म्हणून आम्ही हे सांगत नाही. त्याच्या चुकीवर पांघरूण पडले याचेही आम्हांस दुःख नाही. फक्त ते पांघरूण सर्वांना पुरेल एवढे लांब असावे, असे वाटते.

बडतर्फीनंतर तीन महिने उलटण्यापूर्वीच, १ जून १८९८ रोजी, पॅरिसमध्ये प्लास व्हाँदोम चौकात रिट्झ हॉटेल उघडले. धूळ धरणारे जड पडदे नकोत, भिंती धुता येतील अशा रंगवाव्यात, आणि दिव्यांची प्रभा अशी असावी की स्त्रियांची कांती खुलून दिसावी. यासाठी त्याने पत्नीला तासन्‌तास बसवून निरनिराळ्या रंगांची झाकणे पारखली म्हणतात. पाठोपाठ लंडनचे कार्लटन. इंग्रजी भाषेत डामडौलाला त्याच्या नावावरून विशेषणच तयार झाले.

१९०२ साली सातव्या एडवर्डचा राज्याभिषेक २६ जूनला ठरला होता. कार्लटनमध्ये जय्यत तयारी होती. २४ तारखेला राजावर अकस्मात शस्त्रक्रिया करावी लागली आणि समारंभ पुढे ढकलला गेला. मेजवान्या रद्द करता करता रिट्झ कोसळला. वय बावन्न; आमच्याच वयाच्या आसपास. राजा बरा झाला आणि ९ ऑगस्टला त्याच्या मस्तकी मुकुट चढला. रिट्झ मात्र पुन्हा पहिल्यासारखा झालाच नाही. लंडनचे रिट्झ हॉटेल १९०६ साली उघडले खरे, परंतु तोवर त्याचे मन धंद्यातून सुटत चालले होते. १९१८ च्या ऑक्टोबरात ल्युसर्नजवळच्या क्युसनाख्ट येथे तो वारला.

पुढे त्याची पत्नी मारी-लुईझ हिने १९३८ साली त्याचे चरित्र प्रसिद्ध केले. विटांची गोष्ट घरोघर पोचली ती त्या पुस्तकामुळे. कबुलीजबाबाचे कागद तेव्हा लंडनमध्ये कुलपातच होते.