मंथरेचा डावा डोळा

मार्च २०२०. लॉकडाऊनच्या दोनच दिवस आधी लॅपटॉप उचलून पुण्याहून कळंब तालुक्यातल्या आमच्या गावी आलो होतो. २८ तारखेपासून दूरदर्शनवर जुनं 'रामायण' परत लागलं. मंथरा दिसली की आज्जी कडाकडा बोटं मोडायची. "आली बघ अवदसा, घर फोडायला!" मला हसू यायचं. मग वाटलं, ही बाई आहे तरी कोण?

तर मंडळी, ही ललिता पवार. आपल्याला ती माहीत आहे ती खाष्ट सासू म्हणून. गंमत म्हणजे, सुरुवात अगदी वेगळी होती.

१९१६ साली येवल्यात जन्मलेली अंबा सगुण १९२८ मध्ये, मूकपटांच्या काळात, लहान वयातच पडद्यावर आली. पुढे नायिका झाली. १९३२ च्या 'कैलास'ची ती सहनिर्माती होती. १९३८ मध्ये तिने टॉलस्टॉयच्या 'रिझरेक्शन'वरून 'दुनिया क्या है' काढला. त्या काळात एका बाईने हे करायचं म्हणजे काय, विचार करा!

मग १९४२. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग. प्रसंगात भगवानदादांनी तिला थोबाडीत मारायची होती. ती खरोखरच जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. ऐन पंचविशीत नायिकेच्या भूमिका संपल्या.

पण बाई घरी बसली नाही. १९४४ च्या 'रामशास्त्री'त ती आनंदीबाई झाली, 'ध' चा 'मा' करणारी! त्याच चेहऱ्याने १९५५ च्या 'श्री ४२०'मध्ये केळी विकणारी मायाळू गंगामाई उभी केली. १९५९ च्या 'अनाडी'तली मिसेस डिसा तर वरून फटकळ, आतून आई. त्यासाठी तिला फिल्मफेअर मिळालं, १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही. म्हणजे कपट त्या डोळ्यात नव्हतंच. हवं तेव्हा ती ते आणायची, नको तेव्हा त्यातूनच माया दाखवायची. मंथरा केली तेव्हा सत्तरी गाठली होती. १९९८ मध्ये ती गेली.

हे सगळं आज्जीला सांगितलं. ती गप्पच झाली. मग म्हणाली, "म्हंजे त्यो डोळा खरा व्हय रं?"

पुढच्या भागात मंथरा आली. आज्जीने सवयीने बोटं मोडलीच. मग हळूच म्हणाली, "माझा चष्मा दे बरं जरा."

असो. 'अनाडी' पाहिला नसेल तर या वीकेंडला नक्की बघा.