भाषेच्या मुलखातील प्रवासी

हिंगोली जिल्ह्याच्या वसमत तालुक्यात कुरुंदा हे गाव आहे. विचारवंत नरहर कुरुंदकर यांचे आडनाव ज्या गावावरून आले, ते हेच. याच जिल्ह्यात औंढा नागनाथ आहे आणि परंपरेने संत नामदेवांचे जन्मस्थान मानलेले नरसीही आहे. या परिसराचा इतिहास लढायांच्या सनावळ्यांपेक्षा भाषांच्या वाटांवरून अधिक उलगडतो. भाषा हाही एक मुलूखच होय. त्याला वेशी असतात, घाट असतात, आडवाटा असतात. आणि त्यात शिरलेला मनुष्य गेला तसाच परत येत नाही.

नामदेवांच्या नावावर असलेल्या ‘तीर्थावळी’त ज्ञानदेव त्यांना तीर्थयात्रेस घेऊन जातात. पंढरी सोडावी लागणार, या विचारानेच नामदेव व्याकूळ होतात. नामदेवांच्या यात्रेच्या कथांत मरुभूमीतील विहीर त्यांच्या आर्त हाकेने भरून येते. औंढ्याचे देऊळ त्यांच्या कीर्तनासाठी फिरते. इतिहासाचा अभ्यासक हे सारे जसेच्या तसे घडले असे म्हणणार नाही. ही काव्यातील यात्रा आहे. परंतु तिच्या पाठीशी एक दुसरी यात्रा उभी आहे आणि तिचा पुरावा कागदावर आहे.

इ. स. १६०४ मध्ये गुरू अर्जुनदेवांनी सिद्ध केलेल्या ग्रंथात नामदेवांची ६१ पदे आहेत. लिपी गुरुमुखी, बोली उत्तरेकडील संतांची. तरीही पंढरीचा विठ्ठल तेथे ‘बीठल’ होऊन नांदतो. मराठी अभंगांतील नामदेव विटेवरच्या मूर्तीला मिठी मारतो, तर पदांतील नामदेव चराचरात भरलेल्या निराकाराला आळवतो. या अंतरामुळे नामदेव एक की दोन, असा वाद विद्वानांत झाला. मला त्या अंतरात प्रवासाची खूण दिसते. परक्या भाषेत आपला देव न्यायचा तर त्याला नवे शब्द द्यावे लागतात आणि ते शब्द भक्तालाही घडवतात. पंजाबातील घुमान येथे नामदेवांची स्मृती आजही जपली जाते. तेथेच २०१५ मध्ये अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले.

असाच प्रवास उलट दिशेनेही झाला. इंग्लंडमध्ये जन्मलेले येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आले. त्यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये छापले गेले. सुमारे ११ हजार ओव्यांच्या या ग्रंथासाठी त्यांनी ज्ञानदेवांचा ओवीछंद स्वीकारला आणि स्वर्गाला ‘वैकुंठ’ म्हटले. शब्द जुना, आशय नवा. ज्यांना शिकवावयाचे त्यांच्याच भाषेत प्रथम विद्यार्थी व्हावे लागते, हे त्यांनी ओळखले होते. त्यांनी रचलेले कोकणीचे व्याकरणही त्यांच्या मृत्यूनंतर, १६४० मध्ये प्रसिद्ध झाले.

आता पुन्हा कुरुंद्याकडे वळू. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा प्रदेश निजामाच्या राज्यात होता. घरात मराठी, देवळात अभंग आणि कचेरीत उर्दू, अशी येथील माणसाची दिनचर्या होती. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठात उच्च शिक्षणही उर्दूतून दिले जाई. त्या काळी कचेरीची पायरी चढणे म्हणजे परमुलखात पाऊल टाकणे होते. राज्य गेले, पण दप्तरे मागे राहिली. २०२३ मध्ये मराठवाड्यातील कुणबी नोंदी शोधण्यासाठी न्यायमूर्ती शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा जुनी उर्दू व मोडी कागदपत्रे वाचू शकणाऱ्यांची गरज भासली. आजोबांचे नाव ज्या कागदावर आहे, तो नातवाला वाचता येऊ नये! ज्या वाटेने पूर्वज रोज ये-जा करीत होते, ती दोन-तीन पिढ्यांतच बुजली.

वाचकहो, भाषेच्या वाटा चालणाऱ्यांच्या पावलांनीच टिकतात. शेजाऱ्याची भाषा परकी म्हणून टाकून देताना आपण आपल्याच घराच्या इतिहासाचा काही भाग कुलूपबंद करीत असतो. नामदेवांनी पंजाबात विठ्ठल गमावला नाही. स्टीफन्स यांनी ओवीत आपला ख्रिस्त गमावला नाही. दुसऱ्याच्या भाषेत गेल्याने श्रद्धा पातळ होते, ही भीती या दोघांनी खोटी ठरविली आहे. एखादा तरुण आज मोडी किंवा उर्दू शिकू लागला, तर तोही त्यांच्याच वाटेचा प्रवासी होय.