प्राध्यापक मेनाखेम एलोन : ज्यू धर्मग्रंथांतला कायदा कोर्टात नेणारा माणूस

समजा, बँकेच्या लॉकररूममध्ये तुम्हाला कोणाचे तरी रोखे पडलेले सापडले. मालक काही मिळाला नाही. मग ते तुमचे की बँकेचे?

इस्रायलमध्ये हाच वाद १९८०च्या सुमारास सुप्रीम कोर्टात गेला. हरवलेल्या वस्तूंच्या कायद्यात ‘दुसऱ्याच्या ताब्यातली जागा’ या अर्थाचा शब्द होता, त्यावर सगळं अडलं. न्यायमूर्ती मेनाखेम एलोन यांचं म्हणणं होतं, कल्पना ज्यू कायद्यातली आहे तर अर्थही तिथूनच घ्या. न्यायमूर्ती अहरोन बराक यांना तसं बंधन मान्य नव्हतं.

एलोन मूळचे प्राध्यापक. जन्म १९२३, जर्मनीतल्या ड्युसेलडॉर्फचा. जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठात ते ‘मिश्पात इव्री’ शिकवत. आता हे काय? ज्यूंच्या धर्मनियमांना हलाखा म्हणतात. काय खावं, शब्बाथ कसा पाळावा, सगळं त्यात येतं. त्यातला करार, मालमत्ता, मजुरी, नुकसानभरपाई असा आजच्या कोर्टात चालू शकेल तो भाग म्हणजे मिश्पात इव्री. तालमूदपासून रब्बींनी शतकानुशतकं दिलेल्या निवाड्यांपर्यंतचा हा पसारा एलोन यांनी १९७३ साली एका मोठ्या ग्रंथात मांडला. १९७७ला ते न्यायमूर्ती झाले.

१९८०च्या कायद्याने इस्रायलने इंग्लिश कायद्याचा आधार सोडला. कायद्यात आणि जुन्या निकालांत उत्तर नसेल, तर ‘इस्रायलच्या वारशातल्या’ स्वातंत्र्य, न्याय, समता आणि शांतीच्या तत्त्वांवर निकाल द्यायचा, असं ठरलं. पण वारसा म्हणजे नेमकं काय? एलोन आणि बराक यांचं पुन्हा वाजलं.

खरा अवघड आक्षेप मात्र त्याच विद्यापीठातल्या इझाक इंग्लार्ड यांचा होता. धर्मापासून तोडलेला धर्माचा कायदा तोच कायदा राहतो का?

(लग्न-घटस्फोट आजही रब्बींच्या कोर्टाकडेच आहेत. १९६०च्या दशकात आपल्या कोकणातून गेलेल्या बेने इस्रायलींच्या लग्नांवर रब्बींनी शंका घेतली, तेव्हा त्यांना आंदोलन करावं लागलं होतं.)

एलोन यांचं उत्तर १९८८च्या एका निकालात दिसतं. येरुहाम गावच्या लेआ शाकदिएल यांना, त्या बाई आहेत म्हणून, स्थानिक धार्मिक समितीत घेत नव्हते. समानतेच्या कायद्यावर निकाल तिथेच संपला असता. एलोन यांनी रब्बींचीच मतं उलगडून दाखवली, की यावर हलाखातही एकमत नाही. शाकदिएल जिंकल्या आणि अशा समितीवर बसणाऱ्या पहिल्या महिला ठरल्या.